पडद्यावरील वैद्य

देवालयाच्या जत्रेतील नाटकात रणांगणी पडलेला राजा पडदा पडताच उठून बसतो. त्यामुळे कोणाची फसगत होत नाही. परंतु जे नाटक स्वतःस वास्तव म्हणविते, त्याची जबाबदारी निराळी असते. या दृष्टीने अमेरिकेतील दूरचित्रवाणीचा इतिहास विचारणीय आहे.

१९५४ साली तेथे ‘मेडिक’ ही मालिका सुरू झाली. तिच्या संहिता लॉस एंजेलिस परगण्याची वैद्यकीय संघटना तपासून देत असे. पुढे १९५५ साली अमेरिकन मेडिकल असोसिएशनने याच कामासाठी डॉक्टरांची सल्लागार समिती नेमली. १९६१ साली सुरू झालेल्या ‘डॉक्टर किल्डेअर’ने तिचे साहाय्य घेतले. औषधे, उपकरणे, परिभाषा यांतील चुका टळाव्यात हा तिचा हेतू होता. मात्र डॉक्टरांची प्रतिमा उजळ राहावी, हाही समितीचा कटाक्ष असे.

पण उपचार बिनचूक दाखविला, तरी त्याचे फळ खरे दाखविले जातेच असे नाही. १९९६ साली ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये तिघा संशोधकांनी तीन मालिकांच्या ९७ भागांची छाननी प्रसिद्ध केली. छाती दाबून हृदय पुन्हा चालू करण्याचे ६० प्रसंग त्यांत आढळले, आणि ६७ टक्के रोगी बरे होऊन रुग्णालयाबाहेर पडल्याचे भासविले होते. प्रत्यक्षात हे प्रमाण पुष्कळच कमी असते.

रुग्णशय्येपाशी निर्णय घेणारा आप्त तेच यश मनी धरून आशा बांधतो. म्हणून सल्लागाराने हत्यार कसे धरावे एवढेच न सांगता, रोगी बहुधा वाचत नाही हेही सांगावे, असे आम्हांस वाटते.