किंगरीवाल्याचं नाव

माघ पौर्णिमेच्या आदल्या रात्री आमचा प्रयोग सालेकशाकडच्या एका गावात होता. झाडीपट्टीतलं, म्हणजे पूर्व विदर्भातलं, नाटक उजाडेपर्यंत चालतं. पडदा पडला, संचाची गाडी आमच्या नाट्यसंचांच्या गावी, वडशाला निघाली आणि मी हनुवटीवरचा दाढीचा डिंक खरवडत कचारगडच्या जत्रेसाठी दरेकशाच्या रस्त्याला लागलो. धनेगावात पोचलो तेव्हा पिवळे झेंडे, पिवळे फेटे आणि जिकडेतिकडे गोंडांचा ‘जय सेवा’.

वर चढून गेलं की कचारगडची गुहा. छताला भगदाड आहे, त्यातून उजेड थेट खाली पडतो. आम्ही स्पॉटलाइटचं भाडं मोजतो, इथे तो फुकट.

गोंडांची कथा अशी, की काली कंकालीची तेहतीस मुलं या गुहेत कोंडली गेली होती. दाराशी प्रचंड शिळा. गोंडांचा धर्मगुरू पारी कुपार लिंगो याने त्यांच्या सुटकेसाठी हिरासुका पाटालीर या वादकाला धाडलं. त्याने किंगरी छेडली तशी आतल्या पोरांच्या अंगात बळ आलं, त्यांनी शिळा ढकलली. पोरं सुटली, वाजवणारा मात्र त्याच शिळेखाली गेला. मी नट माणूस, मला ही कथा नेहमी त्याच्या बाजूने ऐकू येते.

कथा जपली ती परधानांनी. हा गोंडांचा गायक समाज. यजमानाच्या दारी जायचं, किंगरीवर त्याच्या कुळाचं आणि देवांचं गाणं म्हणायचं, धान्य न्यायचं. आधी लिहायचं आणि मग म्हणायचं, असं त्यांच्यात नव्हतंच. गाणारा तोच रचणारा. आमच्या जुन्या दंडारीतही तेच होतं, सोंग उभं राहिलं की संवाद तिथेच सुचायचा.

कागदावर लिंगोचं गाणं आलं ते एका स्कॉटिश पाद्र्यामुळे. स्टीफन हिस्लॉप नागपुरात राहायचा, त्याने ते एका परधानाकडून मिळवलं. 1863 साली टाकळघाटजवळ ओढ्याच्या पुरात तो बुडाला. त्याचे कागद इंग्रज अधिकारी रिचर्ड टेम्पलने 1866 मध्ये छापले. हिस्लॉपच्या नावाचं कॉलेज नागपुरात आहे, टेम्पल तर पुढे मुंबईचा गव्हर्नर झाला. गाणारा मात्र ‘एक परधान’ एवढाच उरला.

त्या गाण्यात काचिकोपा लोहगड नावाची जागा येते. रिझर्व्ह बँकेत नोकरी करणाऱ्या मोतीरावण कंगालींनी ती जागा म्हणजेच हा कचारगड, असं मांडलं. 1980च्या दशकात ते आणि त्यांचे सोबती इथे आले तेव्हा मोजकी माणसं होती. आता महाराष्ट्र, छत्तीसगड, मध्य प्रदेश, तेलंगणातून लाखांनी येतात. एका पुस्तकी माणसाने जत्रा उभी केली, याचं मला अजून नवल वाटतं.

आमच्या धंद्यात नावाची भूक मोठी. पोस्टरवर फोटो कोणाचा किती मोठा, यावरून संच फुटतात. लेखकाचं नाव कोपऱ्यात, तेही जागा उरली तर. मी नाटकं लिहितो आणि त्यात कामही करतो. लोक ओळखतात ते कामामुळे. गुरनोलीच्या परशुराम खुणेंना 2023 साली पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा आमच्यातला एक नट जन्मभर शेती आणि विनोदी भूमिका करून दिल्लीपर्यंत पोचतो, हे वडशाच्या चहाटपऱ्यांनाही खरं वाटत नव्हतं. ‘झॉलीवूड’ सिनेमा त्याच्या आदल्या वर्षी आला. त्यात आमच्याकडचे चेहरे दिसले, म्हणून आम्ही पडद्याकडे बोटं दाखवत बसलो होतो.

उतरताना पायवाटेला एक म्हातारे किंगरी घेऊन बसले होते. तारा तीन, गज घोड्याच्या केसांचा. मी विचारलं, “बाबाजी, गाणं कोणाचं?”

“आमच्या घरचं.”

लिहून घ्यावं म्हणून मी खिशातून प्रवेशांची वही काढली, मागचं कोरं पान उघडलं आणि त्यांचं नाव विचारलं.

“माहं कायले?” ते म्हणाले आणि यजमानाच्या आज्यापासून नावं सांगायला लागले.