सुईणीचे हात, लेखणी आणि संगणक

नर्सिंगच्या मुलींना संगणक कशाला? पेशंट सांभाळायचा की मशीन? हा प्रश्न आजही कानावर येतो. वरवर साधा वाटणारा हा प्रश्न जातीच्या इतिहासातून आलेला आहे, असे आमचे म्हणणे आहे.

जातिव्यवस्थेने शरीराला हात लावण्याचे काम एकाकडे दिले आणि लिहिण्याचे दुसऱ्याकडे. महाराष्ट्रातल्या अनेक गावांत बाळंतपण करणारी सुईण मांग किंवा महार समाजाची असे. नाळ तिने कापायची, विटाळ तिने सोसायचा. पण अक्षरच बंद असल्यामुळे तिचे ज्ञान कधी कागदावर आले नाही. इंग्रजी राजवटीत रुग्णालये आली, तेव्हाही रक्त, मलमूत्र आणि परक्या पुरुषाचा स्पर्श यांमुळे सवर्ण घरांनी मुलींना या कामापासून दूर ठेवले. सुरुवातीला ते मोठ्या प्रमाणात ख्रिस्ती आणि अँग्लो-इंडियन स्त्रियांनी सांभाळले. नर्स म्हणजे हात आणि डॉक्टर म्हणजे डोके, ही समजूत याच वातावरणात मुरली.

खुद्द आधुनिक नर्सिंगचा इतिहास मात्र उलटा आहे. क्रिमियन युद्धात (1853-56) जखमांपेक्षा टाळता येण्याजोग्या रोगांनी जास्त सैनिक मेले, हे फ्लोरेन्स नाइटिंगेलने आकडे मांडून 1858 मध्ये आकृत्यांतून दाखवले. ती साम्राज्याचीच बाई होती, हे आम्ही विसरत नाही. पण नोंद ठेवणे आणि आकडा वाचणे हे शुश्रूषेचेच अंग आहे, हे तिने सिद्ध केले. आपल्याकडे तर सावित्रीमाई आहेत. 1848 मध्ये मुलींच्या शाळेत शिकवणारे हातच 1897 मध्ये प्लेगच्या रुग्णांची सेवा करत होते. लेखणी आणि सेवा यांची फारकत माईंनी कधी मानली नाही.

बाबासाहेबांनी ऑक्टोबर 1942 मध्ये व्हाइसरॉयना दिलेल्या निवेदनात अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठी विज्ञान आणि तंत्रशिक्षणाच्या शिष्यवृत्त्या मागितल्या. नुसत्या कला आणि कायद्याच्या पदव्यांनी समाज वर येणार नाही, हे त्यांनी तेव्हाच ओळखले होते.

आज भारतीय परिचर्या परिषदेच्या बी.एस्सी. अभ्यासक्रमात माहिती-तंत्रज्ञान हा विषय आहे. 2021 मध्ये आयुष्मान भारत डिजिटल मिशन सुरू झाले आणि आरोग्याच्या नोंदी ऑनलाइन होऊ लागल्या. पण विषय कागदावर आणि लॅबला कुलूप, असेही आम्ही पाहिले आहे. ज्या मुलीच्या घरी लॅपटॉप आहे तिचे यात काही अडत नाही. वस्तीतून आलेली मुलगी कीबोर्डला पहिल्यांदा हात लावते तो त्या लॅबमध्येच. कुलूप लागते ते तिच्याच नशिबाला.

संगणकामुळे नर्स रुग्णापासून तुटते, हा आक्षेप अगदीच खोटा नाही. एकाच नर्सवर अख्खा वॉर्ड टाकला आणि वर डेटा एंट्रीही लादली, तर रुग्णाकडे बघणार कोण? त्यावर उपाय जादा भरतीचा आहे, मुलींना अडाणी ठेवण्याचा नाही. ज्याला नोंद वाचता येत नाही, त्याच्यावर दुसरा हुकूम चालवतो.

म्हणून मित्रांनो, आपल्या भागातल्या नर्सिंग कॉलेजात संगणकाचे तास खरोखर होतात का, ते जाऊन विचारा. विहारातल्या अभ्यासिकेत दोन संगणक बसवा आणि त्यावर पहिला हक्क या मुलींना द्या. आमच्या आज्यांना लेखणी नाकारली गेली. त्यांच्या नातींना कीबोर्ड नाकारू देणार नाही.

जय भीम!