लामतुरे संग्रह, तेर

लामतुरे संग्रह : धाराशिव जिल्ह्यातील तेर येथे रामलिंगप्पा लामतुरे यांनी जमवलेला पुरावस्तूंचा संग्रह. मुळात हा एका घराचा खाजगी ठेवा होता. आज तो रामलिंगप्पा लामतुरे शासकीय पुराणवस्तुसंग्रहालय या नावाने राज्य शासनाच्या ताब्यात आहे. संग्रहातील वस्तू बहुतांशी सातवाहनकालीन असून भाजक्या मातीच्या व केओलिनच्या मूर्ती, मणी, शंखाच्या बांगड्या, नाणी, दिवे, हाडाच्या आणि हस्तिदंताच्या वस्तू यांचा त्यांत समावेश होतो. मराठवाड्यातील खाजगी संग्रहांमध्ये परदेशी अभ्यासकांच्या लिखाणात सर्वांत ठळकपणे आलेला संग्रह बहुधा हाच, आणि त्याला कारण मुख्यतः एक हस्तिदंती स्त्रीमूर्ती आहे.

गाव : तेर तेरणा नदीच्या काठी आहे. वारकरी तेरला ओळखतो तो संत गोरोबाकाका कुंभारांचे गाव म्हणून. गोरोबांनी थापटीने संतांची डोकी ठोकून पाहिली, नरसीच्या नामदेवांचे मडके कच्चे ठरवले आणि मग नामदेवांनी औंढा नागनाथला विसोबा खेचरांना गुरू केले, ही कथा सर्वश्रुत आहे. पुरातत्त्वाच्या अभ्यासकाला मात्र गोरोबांच्या आधीच्या हजार-बाराशे वर्षांची माती खुणावते. गावाच्या आसपास पांढरीची, म्हणजे जुन्या वस्तीच्या मातीची, टेकाडे आहेत. पावसाने माती वाहून गेली किंवा नांगराचा फाळ खोल गेला, की खापरे, मणी आणि मूर्तींचे तुकडे वर येतात.

तगर : तेर म्हणजेच प्राचीन तगर, असे आज मानले जाते. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासवृत्तात बॅरिगाझा म्हणजे भडोचपासून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आणि तिथून पूर्वेला दहा दिवसांवर तगर अशी नोंद आहे. तगरहून साधे कापड आणि तऱ्हेतऱ्हेची मलमल आडवाटांनी गाड्यांवर लादून भडोचला जात असे. टॉलेमीनेही तगरचा उल्लेख केला आहे. पुढे शिलाहार राजे ‘तगरपुरवराधीश्वर’ हे बिरुद मिरवत राहिले.

हे तगर नेमके कुठले, यावर एकोणिसाव्या शतकात बरीच शाई खर्च झाली. कुणी देवगिरी सुचवले, भगवानलाल इंद्रजींनी जुन्नर, तर रा. गो. भांडारकरांनी धारूर. जे. एफ. फ्लीट यांनी १९०१ मध्ये तेरचे नाव पुढे केले आणि ते टिकले. पाठोपाठ हेन्री कझिन्स तेरला जाऊन आले. त्यांचा ‘तेर-तगर’ हा लेख भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या १९०२–०३ च्या वार्षिक अहवालात आहे. तेव्हा हा मुलूख निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता.

कझिन्स यांचे लक्ष मुख्यतः वास्तूंवर होते. त्रिविक्रम मंदिराच्या विटांच्या, मागे अर्धगोल आणि वर कमानी छत असलेल्या गाभाऱ्याला त्यांनी मूळचे बौद्ध चैत्यगृह ठरवले आणि त्याची तुलना आंध्रातील चेझर्ल्याच्या मंदिराशी केली. वास्तू आरंभापासूनच वैदिक परंपरेची असावी, असेही मत नंतर मांडले गेले. तिच्या काळाविषयीही एकमत नाही.

घराणे : लामतुरे हे तेरचेच रहिवासी, संग्रह पुढे या घराण्याकडून शासनाकडे आला.

वस्तू : संख्येने भरणा मातीकामाचा आहे. केओलिन या पांढऱ्या मातीच्या मूर्ती हे तेरचे वैशिष्ट्य. पुढचा आणि मागचा असे दोन साचे वापरत. मऊ माती दोन्ही साच्यांत दाबून पातळ पापुद्रा घेत, दोन्ही अर्धे काठाशी ओले करून जोडत आणि मग भाजत. त्यामुळे मूर्ती आतून पोकळ राहते आणि हातात घेतल्यास अपेक्षेपेक्षा हलकी लागते. फुटलेल्या मूर्तीच्या आतल्या अंगाला माती बोटांनी दाबल्याच्या खुणा दिसू शकतात. बाहेरचा सांधा मात्र बहुधा घासून बुजवलेला असतो. केशरचना आणि कर्णभूषणे इतकी बारीक असतात, की वेशभूषेच्या अभ्यासकांनी सातवाहनकाळासाठी पुन्हा पुन्हा याच मूर्तींचा आधार घेतला आहे.

रोमशी असलेल्या व्यापाराच्या खुणाही तेरला सापडल्या आहेत. रोमन नाण्यांवरून ठसा घेऊन घडवलेली मातीची पदके त्यांत विशेष लक्षणीय आहेत. ती दोऱ्यात ओवून गळ्यात घालत असावीत. सम्राटाचा मुखवटा इथे चलन न राहता दागिना झाला.

हस्तिदंती स्त्री : संग्रहातील सर्वांत प्रसिद्ध वस्तू. अलंकारांनी नटलेल्या उभ्या स्त्रीची ही छोटी मूर्ती आहे. ती आरशाची किंवा तत्सम प्रसाधनवस्तूची मूठ असावी, असा तर्क केला जातो.

इटलीत पाँपेई येथे १९३८ मध्ये एका घरात तिच्याशी साम्य असलेली, भारतीय घडणीची हस्तिदंती स्त्री सापडली होती. तिच्या दोन्ही बाजूंना दासी आहेत आणि डोक्यातून खाली गेलेले भोक आहे. आज ती नेपल्सच्या संग्रहालयात आहे. आरंभी तिला लक्ष्मी म्हटले गेले. आता यक्षी किंवा नुसती अलंकृत स्त्री म्हणणारे अधिक आहेत. पाँपेईला गाडणारा व्हेसूव्हियसचा उद्रेक इ. स. ७९ चा असल्याने मूर्ती त्याआधीची हे नक्की होते. ती घडली कुठे, हे मात्र ठरत नव्हते. मथुरेकडे बोट दाखवले जाई, अफगाणिस्तानातल्या बेग्रामच्या हस्तिदंतांशीही तुलना होई. तेरच्या मूर्तीमुळे दख्खनचे नाव या चर्चेत आले. पुढे जालना जिल्ह्यातील भोकरदनच्या उत्खननात याच धाटणीचा हस्तिदंती तुकडा मिळाला आणि त्या बाजूला आणखी वजन आले. पाँपेईची मूर्ती दख्खनीच, असे सर्वांनी मान्य केलेले नाही. तिच्यावरील खरोष्ठी अक्षर वायव्येकडेही निर्देश करते.

ग्रंथ : संग्रहाची कीर्ती गावाबाहेर गेली ती छापील पानांवरून. ब्रिटिश म्युझियमचे डग्लस बॅरेट यांचे ‘तेर’ हे छोटे पुस्तक १९६० मध्ये मुंबईच्या भुलाभाई मेमोरियल इन्स्टिट्यूटने काढले. मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियमचे संचालक मोतीचंद्र यांनी त्याच सुमारास ‘ललितकला’मध्ये हस्तिदंती मूर्तीवर लेख लिहिला. बा. ना. चापेकर यांनी १९५८ मध्ये केलेल्या उत्खननाचा अहवाल १९६९ मध्ये प्रसिद्ध झाला. नंतरच्या उत्खननांत विटांच्या स्तूपाचे अवशेष मिळाले.

या तिन्ही लेखनांचा रोख वेगळा आहे. बॅरेट आणि मोतीचंद्र कलेतिहासाच्या अंगाने पाहतात, म्हणजे शैली, तुलना, काळ. चापेकरांचा अहवाल थरांचा आहे : कोणती वस्तू किती खोलीवर आणि कशासोबत मिळाली, याला त्यात महत्त्व. टेकाडावरून वेचलेल्या वस्तूला असा थर नसतो. त्यामुळे लामतुरे संग्रहातील वस्तूंचा काळ ठरवताना अभ्यासकांना शैलीवर किंवा उत्खननात मिळालेल्या तशाच वस्तूंवर विसंबावे लागते. उलट बाजूही आहे. वेचणारा गावातच नसता, तर वर आलेल्या वस्तू पुढच्या पावसात फुटल्या असत्या किंवा जुन्या बाजारात पांगल्या असत्या. हस्तिदंती मूर्तीवरचे १९६० चे लेखन शक्य झाले, ते ती एका जागी सांभाळून ठेवली गेली म्हणून.

कायदा : अशा खाजगी संग्रहांनाही लागू होणाऱ्या १९७२ च्या पुरावस्तू व कलानिधी कायद्याने अधिसूचित प्रकारांच्या पुरावस्तूंची नोंदणी सक्तीची केली आणि खाजगी निर्यातीला बंदी घातली.

तत्सम संग्रह : औंधचे संस्थानिक भवानराव पंतप्रतिनिधी यांनी चित्रे व शिल्पे जमवून १९३८ मध्ये संग्रहालय उभारले; त्यामागे राजकोश होता. पुण्याच्या दिनकर गंगाधर केळकरांनी अडकित्ते, दिवे, दौती, वाद्ये अशा घरगुती वापराच्या वस्तू वाड्यावाड्यांतून मिळवल्या आणि १९७५ मध्ये सुमारे वीस हजार वस्तू शासनाला दिल्या. संग्रहालयाला त्यांच्या दिवंगत मुलाचे, राजाचे, नाव आहे. पैठणचे बाळासाहेब पाटील यांचा संग्रह लामतुऱ्यांच्या संग्रहाशी अधिक जुळतो : तोही प्राचीन नगरीच्या मातीतून आलेला, तोही आता शासकीय. ‘पेरिप्लस’मध्ये एका दमात येणाऱ्या पैठण आणि तगर या दोन्ही बाजारपेठांचा ठेवा अशा रीतीने त्या त्या गावच्याच माणसांनी राखला. (पहा : तगर; पैठण; भोकरदन.)