मामाचा स्वेटर

एकलहऱ्याच्या कॉलनीत आपण सगळे वाढलो ते औष्णिक केंद्राच्या चिमण्या बघत. संध्याकाळी मैदानावर मुलांचं क्रिकेट रंगायचं आणि मी कडेला बसून वहीत धावा लिहायचे. मुलींच्या वाट्याला तेवढंच काम यायचं. एकदा पीटीच्या सरांनी सांगितलं, "गावसकरचे मामा आपल्या नाशिकचे." मी वहीच्या मागच्या पानावर नाव लिहून ठेवलं : माधव मंत्री. स्मरणिकेसाठी काय लिहू, असा विचार करताना तेच नाव आठवलं.

माधव मंत्री यांचा जन्म 1 सप्टेंबर 1921 चा, नाशिकचा. पुढे ते दादरच्या हिंदू कॉलनीत राहिले आणि दादर युनियनकडून खेळले. यष्टिरक्षक आणि फलंदाज. 1948-49 च्या हंगामात पुण्यात मुंबई विरुद्ध महाराष्ट्र हा रणजी सामना झाला. चार डावांत मिळून 2376 धावा निघाल्या आणि त्यात मंत्रींच्या 200 होत्या. त्यांच्या नेतृत्वाखाली मुंबईने तीनदा रणजी करंडक जिंकला.

कसोटीत मात्र नशिबाने साथ दिली नाही. चार कसोट्या, एकूण 67 धावा, सर्वाधिक 39. 1952 साली लीड्सला भारताच्या दुसऱ्या डावात धावफलकावर शून्य असताना चार गडी बाद झाले. ट्रूमनने त्रिफळा उडवलेल्यांत मंत्रीही होते. अपयश म्हणजे काय, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती. पुढे निवडीच्या टेबलावर बसताना ही जाणीव त्यांच्या गाठीला होती, असं मला वाटतं.

खेळ थांबला तरी त्यांनी मैदान सोडलं नाही. 1964 ते 1968 ते राष्ट्रीय निवड समितीवर होते. मुंबई क्रिकेट संघटनेचं अध्यक्षपद आणि क्रिकेट मंडळाचं खजिनदारपदही त्यांनी सांभाळलं. 1990 च्या इंग्लंड दौऱ्यात ते भारतीय संघाचे व्यवस्थापक होते. त्याच दौऱ्यात ओल्ड ट्रॅफर्डवर सतरा वर्षांच्या सचिनने पहिलं कसोटी शतक केलं.

मला मात्र सगळ्यात मोलाची वाटते ती एक घरगुती गोष्ट. गावसकरांनी 'सनी डेज'मध्ये ती सांगितली आहे. लहानपणी मामाकडे गेल्यावर भाच्याने कपाटातले स्वेटर पाहिले आणि एक मागितला. मामाने दिला नाही. भारताचा स्वेटर घाम गाळून मिळवावा लागतो, असं समजावलं.

एवढं करूनही लोक बोललेच. गावसकर मुंबईकडून पहिला रणजी सामना खेळले आणि शून्यावर बाद झाले. मामा मुंबईच्या निवड समितीवर, म्हणून भाचा संघात, अशी कुजबुज झाली. पुढच्याच सामन्यात राजस्थानविरुद्ध 114 धावा झाल्या. मामाला काही बोलावं लागलं नाही.

आता माझी गोष्ट. वीस वर्षं कोड लिहिल्यावर मीही टेबलाच्या पलीकडे गेले. आता माणसं निवडते. गेल्या वर्षी माझ्या भाच्याने आमच्याच कंपनीत अर्ज केला. ताई म्हणाली, "एक शब्द टाक, एवढंच." मी टाकला नाही. मुलाखतीच्या पॅनेलवरूनही बाजूला झाले. त्याची निवड झाली नाही. "तुझ्यामुळे झालं," असं ताई म्हणाली आणि बरेच महिने फोन आला नाही. मी बरोबर वागले, असं स्वतःला बजावत राहिले; पण रात्री झोप लागायची नाही. मंत्रींना एक सोय होती : त्यांच्या भाच्याला पुढच्याच सामन्यात बॅटने उत्तर देता आलं. माझा भाचा अजून मुलाखती देतोय. त्याला दर रविवारी दोन तास मी शिकवते. ते मला करता येतं, आणि ते मी करणार.

मंत्री 23 मे 2014 रोजी, ब्याण्णवाव्या वर्षी गेले. हयात भारतीय कसोटीपटूंत तेव्हा ते सर्वांत वयोवृद्ध होते.

ताई आपल्याच शाळेची, माझ्यापुढे दोन वर्षं. मेळाव्याला येणार आहे, ही स्मरणिका तिच्याही हाती पडेल. ताई, स्वेटर माझ्या कपाटात आहे. पण तो मला देता येत नाही गं. विणायला मात्र बसेन त्याच्याबरोबर, हवं तेवढं.