हद्दीबाहेरचं पोलाद

भौगोलिक नावं ठरवणाऱ्या अमेरिकेच्या सरकारी मंडळाने 1890च्या सुमारास ‘बर्ग’ने संपणाऱ्या गावांच्या स्पेलिंगमधला शेवटचा ‘एच’ उडवला. पिट्सबर्गने वीस वर्षं कुरकुर करून 1911 मध्ये तो परत मिळवला. एका मुक्या अक्षरासाठी एवढं हळवं झालेल्या या शहराने त्याच काळात नदीपलीकडचं अ‍ॅलेगेनी सिटी हे अख्खं शहर गिळलं. अ‍ॅलेगेनीच्या बहुसंख्य मतदारांचा विलीनीकरणाला विरोध होता. पण कायद्याने दोन्ही शहरांची मतं एकत्र मोजली, आणि मोठ्या शहरापुढे धाकट्याचं काही चाललं नाही. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. शहरांच्या हद्दी कुठे आखायच्या हा राज्याचा अधिकार आहे, असं कोर्टाने 1907 मध्ये सांगितलं. पिट्सबर्गचा पुढचा सगळा इतिहास मला या निकालाच्या उजेडात वाचावासा वाटतो.

एरवी तो इतिहास सांगितला जातो तो असा : धुराने काळवंडलेलं पोलादाचं शहर 1980च्या दशकात कोसळलं आणि विद्यापीठं, रुग्णालयं, रोबो यांच्या बळावर पुन्हा उभं राहिलं. गोष्ट खोटी नाही, पण तिच्यातलं ‘शहर’ दर प्रकरणात वेगळं असतं. पोलादसम्राट कार्नेगीचा 1875चा एडगर थॉमसन पोलाद कारखाना ब्रॅडकमध्ये होता. 6 जुलै 1892 रोजी संपकरी कामगार आणि पिंकर्टन या खासगी संस्थेचे भाडोत्री पहारेकरी यांच्यात गोळीबार झाला तो होमस्टेडला. ही दोन्ही गावं मोनोंगाहेला नदीच्या काठची, स्वतःचा महापौर नि स्वतःची तिजोरी असलेली, पिट्सबर्गच्या हद्दीबाहेरची. भट्ट्या तिकडे होत्या. नफा मात्र पिट्सबर्गच्या बँकांमध्ये, कचेऱ्यांमध्ये आणि ओकलंडच्या टेकडीवर यायचा. तिथलं कार्नेगीचं संग्रहालय 1895चं, आज संगणकशास्त्रासाठी नावाजलेल्या विद्यापीठाचं मूळ 1900चं. जिला ‘नवी ओळख’ म्हणतात, तिचा पाया भट्ट्या धडधडत असतानाच, भट्ट्यांच्याच पैशांतून घातला गेला होता.

धुराचं प्रकरण पाहा. चाळिशीच्या दशकात इथे भर दुपारी रस्त्यावरचे दिवे लावावे लागत, आणि कचेरीत जाणारे लोक दुपारी बदलायला दुसरा पांढरा शर्ट सोबत ठेवत. शहराने 1941 मध्ये धूरबंदीचा कायदा केला, पण मध्ये युद्ध आलं. 1946 पासून डेमोक्रॅटिक महापौर डेव्हिड लॉरेन्स आणि रिपब्लिकन धनाढ्य रिचर्ड किंग मेलन या विजोड जोडीने तो राबवून घेतला. म्हणजे शहराने आपला चेहरा धुवायला घेतला तो पोलाद तेजीत असताना. दोनच वर्षांनी, ऑक्टोबर 1948 मध्ये, मोनोंगाहेलाच्याच वरच्या अंगाला डोनोरा गावावर जस्त आणि पोलादाच्या कारखान्यांचा धूर दिवसेंदिवस साचून राहिला आणि वीस माणसं गेली. शहराचा कायदा तिथवर पोचतच नव्हता. शहराच्या पोटातही अशी एक अदृश्य हद्द होती : नव्या चेहऱ्यासाठी लोअर हिल ही प्रामुख्याने कृष्णवर्णीयांची वस्ती पाडली गेली, सुमारे आठ हजार माणसं उठवली गेली आणि तिथे 1961 मध्ये घुमटाचं क्रीडागृह उभं राहिलं. तेही आता पाडून झालं आहे.

यावर कुणी म्हणेल की जोन्स अँड लॉफलिन या पोलाद कंपनीच्या भट्ट्या तर शहराच्या आतच होत्या. होत्या, आणि माझा मुद्दा त्यांनीच पक्का होतो. शहरातल्या त्यांच्या हेझलवूडच्या कारखान्याच्या सांगाड्यात आज रोबोंचं संशोधन चालतं. हद्दीबाहेरच्या होमस्टेडचा कारखाना 1986 मध्ये बंद पडला, तिथे बाजारसंकुल आलं आणि बारा धुराडी तेवढी शोभेला उरली. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे : वेगळ्या नगरपालिकांचं ओझं पिट्सबर्गने का वाहावं? त्याची स्वतःची लोकसंख्या 1950 मध्ये पावणेसात लाखांवर होती, ती 2020 मध्ये तीन लाखांवर आली. बुडणाऱ्याने दुसऱ्याला काय वाचवायचं? हे खरंच आहे, आणि डेट्रॉइटच्या मानाने पिट्सबर्ग पुष्कळच सावरलं. पण अ‍ॅलेगेनी सिटी हवी होती तेव्हा हद्द आड आली नव्हती. ‘पोलादाचं शहर’ म्हणून मिरवताना ब्रॅडक आणि होमस्टेड आपली होती. जबाबदारी आली तेव्हा तीच गावं शेजारची झाली. फुटबॉल संघाचं नाव आजही ‘स्टीलर्स’च आहे, आणि त्याचं चिन्ह पोलाद उद्योगाच्याच बोधचिन्हावरून घेतलेलं.

शहराच्या मध्यावर यूएस स्टील या पोलाद कंपनीच्या नावाची 64 मजली इमारत आहे. तिच्या माथ्यावर 2008 पासून यूपीएमसी या रुग्णालय समूहाची अक्षरं झळकतात. ओळख बदलल्याचा पुरावा म्हणून हे दृश्य आवर्जून दाखवलं जातं. ब्रॅडकमध्ये एके काळी वीस हजारांवर माणसं राहत, आता दोन हजारही नाहीत. तिथला एडगर थॉमसन कारखाना मात्र अजून पोलाद ओततो. आणि तिथलं रुग्णालय, जे त्याच समूहाचं होतं, 2010च्या जानेवारीत बंद झालं.