जवाहर नवोदय विद्यालय

ग्रामीण भागातील गुणवान मुलामुलींसाठी केंद्र सरकारने जिल्ह्याजिल्ह्यांत स्थापिलेले निवासी माध्यमिक विद्यालय. १९८६ च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने या योजनेस अधिष्ठान दिले. तथापि हरियाणातील झज्जर व महाराष्ट्रातील अमरावती येथील पहिली दोन विद्यालये १९८५–८६ मध्येच प्रायोगिक स्वरूपात सुरू झाली होती. प्रवेश निवड-परीक्षेद्वारे सहावीत मिळतो आणि शिक्षण बारावीपर्यंत चालते. किमान ७५ टक्के जागा ग्रामीण विद्यार्थ्यांसाठी राखीव असतात. कारभार नवोदय विद्यालय समिती या स्वायत्त संस्थेच्या अखत्यारीत असून निवास, भोजन, गणवेश व पाठ्यपुस्तके यांचा खर्च सरकार सोसते.

ज्या मुलाने तालुक्याच्या बाजारपेठेपलीकडचा मुलूख क्वचितच पाहिला असेल, त्याला परप्रांतीय सहाध्यायांसमवेत एकाच वसतिगृहात राहण्याची, त्यांची भाषा कानांवर पडून हळूहळू जिव्हेवर येण्याची संधी देणारी स्थलांतर-योजना हे या विद्यालयांचे सर्वांत मौलिक वैशिष्ट्य मानावे लागेल. तदनुसार नववीतील सुमारे ३० टक्के विद्यार्थी एका वर्षाच्या मुदतीसाठी हिंदी भाषक प्रदेशातून अहिंदी प्रदेशात व अहिंदी प्रदेशातून हिंदी भाषक प्रदेशात पाठविले जातात. राष्ट्रीय एकात्मतेचे इतके प्रत्यक्ष शिक्षण अन्य सरकारी शाळांत विरळाच आढळते. मात्र साधारणतः जिल्ह्यास एकच विद्यालय आणि इयत्तेस फार तर ८० जागा असल्याने असंख्य होतकरू मुले या लाभापासून वंचित राहतात, ही उणीव गंभीर आहे. या विद्यालयांतील हिंदीसह तीन भाषा शिकविण्याच्या त्रिभाषा सूत्रास विरोध असल्याने तमिळनाडूने नवोदय विद्यालयांची योजना स्वीकारली नाही.