पित्याचा अधिकार व मुलाची इच्छा

वयांत येऊं घातलेल्या मुलास आईबापांपासून वेगळें राहावेंसें वाटलें, तर कायदा त्याचें म्हणणें ऐकतो काय? ह्या प्रश्नाचा विचार करितांना मद्रासेंतील एक जुना दावा आम्हांस फार बोधप्रद वाटतो.

जिद्दू नारायणय्या ह्या गृहस्थांनीं १९१० सालीं आपले दोन मुलगे, कृष्णमूर्ति व नित्यानंद, ह्यांचें पालकत्व ॲनी बेझंटबाईंस लिहून दिलें. बाईंनीं १९१२ सालीं मुलांस इंग्लंडांत ठेविलें. पुढें पित्याचा विचार पालटला व मुलें परत मिळावीं म्हणून त्यांनीं दावा लाविला. १९१३ सालीं मद्रास हायकोर्टानें तो मान्य केला. अपिलांतही मुलें पित्याकडेच द्यावीं असें ठरलें.

कृष्णमूर्तींचा जन्म १८९५ सालचा. म्हणजे ते त्या वेळीं अठराव्या वर्षाच्या कांठावर होते. १८७५ च्या कायद्याप्रमाणें १८ वर्षें पुरीं होतांच मनुष्य सज्ञान होई. परंतु तत्पूर्वीं कोर्टानें पालक नेमला, तर ती मर्यादा २१ वर जाई. घराबाहेर पडूं पाहणाऱ्या मुलाचें अज्ञानत्व अशा रीतीनें एका हुकुमासरशी तीन वर्षांनीं वाढे!

१९१४ सालीं प्रिव्ही कौन्सिलानें हा निकाल फिरविला. पित्यानें दुसऱ्यास दिलेला अधिकार त्यास परत घेतां येतो, हें तत्त्व कौन्सिलानें मान्यच केलें. परंतु मुलें इंग्लंडांत होतीं, त्यांची बाजू कोर्टापुढें आलीच नव्हती, व त्यांची इच्छा कोणी विचारिली नव्हती. पिता व पालक ह्यांच्या झगड्यांत ज्यांच्याविषयीं झगडा तेच मुके राहिले होते.

वस्तुतः १८९० च्या पालकत्वाच्या कायद्यांत, समंजस मुलाची पसंती न्यायाधीशास विचारांत घेतां येईल, असें कलम होतेंच, व आजही आहे. पण ‘घेतां येईल’ आणि ‘घेतली पाहिजे’ ह्यांत अंतर आहे. शिवाय त्याच कायद्यान्वयें पालकास सोडून गेलेल्या मुलास परत पाठविण्याचा हुकूमही होऊं शकतो.

१९९९ सालीं २१ वर्षांची ती अट रद्द झाली. तथापि अठरा पुरीं होण्यापूर्वीं स्वतंत्र होण्यासाठीं कॅलिफोर्नियांत १४ वर्षांच्या मुलास कोर्टाकडे अर्ज करितां येतो, तशी सोय आपल्याकडे नाहीं. तेथेंही आईबापांची संमति व स्वतःचा खर्च स्वतः चालविण्याची कुवत ह्या अटी आहेतच. ती सोय जशीच्या तशी येथें आणावी असें आम्ही म्हणत नाहीं. मुलाची प्रत्येक इच्छा हितकर असते असेंही नव्हे. परंतु ती विचारणें न्यायाधीशाच्या मर्जीवर न ठेवितां त्याचें कर्तव्य ठरवावें, एवढा धडा त्या दाव्यापासून घेण्यास आतां शंभर वर्षांहून अधिक उशीर झाला आहे.